वर नाव मिसबाईंचं

त्या प्रोफेसरचं नाव मी सांगणार नाही, त्याच्या विद्यापीठाचंही नाही. सांगण्याची त्यांची लायकी नाही. इतकी वर्षं झाली, माझे केस पांढरे व्हायला लागले, तरी तो कॉफीचा थर्मास आठवला की तळपायाची आग मस्तकात जाते. वीस मिनिटं ते सगळे विद्वान उभ्या उभ्या कॉफी पीत होते, आणि ती वीस मिनिटं आमच्या काकांची होती. पण आधी काका कोण ते सांगायला हवं, नाहीतर तुम्ही म्हणाल, ही बाई कॉफीवरून एवढी का पेटलीये.

काका म्हणजे जर्मनीतल्या येना शहरातले माझे घरमालक. दोन हजार सालानंतरची गोष्ट. मी पुण्याहून तिथे ऑप्टिक्समध्ये पीएचडी करायला गेले होते आणि हॉस्टेलात खोली मिळत नव्हती. आमच्या इन्स्टिट्यूटच्या नोटीस बोर्डावर एक दिवस चक्क मराठीत चिठ्ठी दिसली: 'खोली आहे. बाईमाणूस चालेल. भाकरी मिळेल.' खाली फोन नंबर. अख्ख्या येनात ती चिठ्ठी वाचता येणारी माणसं त्या वेळी फार तर पाच असतील. भेटल्यावर मी पहिलं हेच विचारलं, "अहो, जर्मनमध्ये का नाही लिहिलंत?"

"मंग जर्मन मानसं आली असती ना," काका म्हणाले.

मूळचे जालन्याचे. तरुणपणी भिंगांच्या कारखान्यात शिकायला म्हणून आले, तेव्हा तो देशच वेगळा होता, पूर्व जर्मनी. तो देश गेला, कारखान्याचे मालक बदलले, काकांची नोकरी गेली, बायको गेली. ती जर्मन होती. काका मात्र येनाच्या लोबेडा भागातल्या आठव्या मजल्यावरच्या त्याच फ्लॅटमध्ये राहिले. मुलगी हॅम्बुर्गला. रविवारी तिचा फोन आला की काका मराठीत बोलायचे, ती जर्मनमध्ये उत्तरं द्यायची, आणि अर्धा तास दोघांचं उत्तम चालायचं.

त्यांचं मराठी साठ सालातलं, जालन्याच्या गल्लीतलं. त्याला कुणी हातच लावला नव्हता. 'का' नाही, 'कामून'. रागावले की मला 'माय' म्हणायचे, खूश असले की 'पोरी'. डोक्यावर एक चष्मा, नाकावर एक, आणि तिसरा शर्टाच्या खिशात. राई नावाच्या तिथल्या धान्याच्या पिठाच्या भाकऱ्या थापायचे, काळ्याकुट्ट आणि अशा कडक की विचारू नका. मी म्हणायचे, "काका, हे छपरावर घालायचं कौल आहे." त्यावर, "दात आहेत ना तुला? मंग." आमच्या इमारतीत हाउसओर्डनुंगप्रमाणे, म्हणजे घरनियमांप्रमाणे, जिना झाडायची प्रत्येक घराची पाळी असायची. काका स्वतःच्या पाळीला झाडायचे आणि इतरांच्याही. मी चिडायचे. अहो, सातव्या मजल्यावरचा तो धडधाकट माणूस बियर पीत बाल्कनीत बसलाय आणि तुम्ही त्याचा जिना झाडताय! काका म्हणायचे, "झाडलेलं दिसल्याशी मतलब. कुनी झाडलं ते कामून पाहायचं?" तेव्हा मला हा निव्वळ चक्रमपणा वाटला. माणूस मुळातच असा होता, हे मला फार उशिरा कळलं.

आणि त्यांचं इंग्रजी! ते ऐकून पहिल्या दिवशी मी हातातला कप खाली ठेवला. जालन्याचा माणूस, येनात आयुष्य काढलेला, आणि इंग्रजी बोलतोय अस्सल स्कॉटलंडच्या खेड्यातलं. 'र' असे फिरवायचे की समोरचा दचकायचा. कारखान्यात असताना एकदा एक खराखुरा स्कॉटिश गिऱ्हाईक आला होता. काकांनी आनंदानं पुढे होऊन त्याला त्याच्याच बोलीत चहा विचारला. तो लाल झाला. त्याला वाटलं, हा काळा माणूस माझी नक्कल करून टिंगल करतोय. साहेबांकडे तक्रार गेली आणि काकांना माफी मागावी लागली. मातृभाषेइतकी जी बोली लहानपणापासून तोंडात होती, ती बोलल्याबद्दल माफी! मी ऐकून संतापले, तर काका मलाच समजावत होते की त्या बिचाऱ्याला काय माहीत.

ही बोली आली मिसबाईंकडून. जालन्याला मिशनची शाळा होती, तिथे त्या स्कॉटलंडहून शिकवायला आलेल्या. अकरा वर्षं शिकवलं, तिथेच तापानं गेल्या, तिथेच पुरलं त्यांना. काकांचे वडील मिशनच्या दवाखान्यात पाणी भरायचे. काका सात-आठ वर्षांचे असतील. गावातला कुणी प्रतिष्ठित माणूस शाळा बघायला आला आणि दारात उभा राहून म्हणाला की पाणक्याच्या पोराला पुस्तक कशाला देताय. बाई वह्या तपासत होत्या. मान वर न करता त्यांनी आपल्या बोलीतल्या इंग्रजीत उत्तर दिलं, "ही मॉन रीड."

एवढंच. तीन शब्द. ह्या तिनांतल्या मधल्या शब्दावर काकांनी आयुष्याची तीस वर्षं घालवली.

आता कुठलाही कोश उघडा. 'मॉन' म्हणजे स्कॉटलंडच्या बोलीतलं सहाय्यक क्रियापद, इंग्रजीतल्या 'मस्ट'चा भाऊ. जायलाच हवं, करावंच लागेल, तिथे हा 'मॉन'. झालं, विषय संपला. काकांचा विषय मात्र इथे सुरू व्हायचा. पीठ मळता मळता सांगायचे, "हा शब्द त्यांचा नाहीच मुळात. उत्तरेकडच्या दर्यावर्दी लोकांबरोबर जहाजातून आला. त्यांच्या जुन्या भाषेत 'मन'. तिथं त्याच्यात जबरदस्ती नव्हती, पोरी. 'होईल', 'येईल', 'करील', पुढं काय होनार ते सांगायचा. स्कॉटलंडात मुरला आन् मंग त्याच्या हातात छडी आली." वर आणखी म्हणायचे की पार मागे गेलं तर त्याचं मूळ विचार करणं, आठवणं ह्यात आहे आणि आपलं 'मन' त्याच्याच भावकीतलं. मला वाटलं, आता काका ठोकून देताहेत. मुद्दाम लायब्ररीत जाऊन बघितलं. बरोबर निघालं. मला जरा रागच आला.

तर काकांचं म्हणणं असं की मिसबाईंच्या गावात तो जुना, बिनछडीचा अर्थ शिल्लक राहिला होता. बाई म्हणाल्या ते 'त्याला वाचायलाच पाहिजे' असं नव्हतं. 'तो वाचणार', असं होतं. हे सांगताना काका खुर्चीतून उठून उभे राहायचे. पुरावा म्हणून बाईंच्या तोंडची आठवतील तेवढी वाक्यं त्यांनी कार्डांवर लिहिली होती. वाक्य, कुणाला म्हणाल्या, तेव्हा हातात काय होतं, आवाज चढला की उतरला. पाऊस लांबला होता तेव्हा बाई खिडकीशी उभ्या राहून म्हणालेल्या, पाऊस 'मॉन' येईल. "आता सांग," काका म्हणायचे, "पावसाला कोन छडी दाखवतंय?" भिंग घासायची त्यांची जी रीत तीच इथेही. घासायचं आणि बघायचं, घासायचं आणि बघायचं. एखादं वाक्य नीट आठवत नसलं तर ते कार्ड फाडायचे. तीन दिवस लिहून चौथ्या दिवशी फाडताना मी स्वतः पाहिलंय.

एकदा मी तोंड उघडलं. म्हटलं, "काका, समजा बाईंना 'त्यानं वाचलंच पाहिजे' असंच म्हणायचं असेल? तुम्ही लहान होतात, तुम्हाला ते वेगळं ऐकू आलं असेल." दोन दिवस अबोला. चहा माझ्या दाराबाहेर ठेवलेला मिळायचा, वर बशी झाकून. तिसऱ्या दिवशी म्हणाले, "मी वाचलं की नाही? पानक्याचा पोरगा वाचला की नाही?"

ह्या सगळ्याचं त्यांना काय हवं होतं? पैसा नको, पदवी नको. बाईंचा शब्द, बाईंच्या अर्थासकट, बाईंच्या नावानं कुठेतरी छापून यावा. बस. एका कोशवाल्यांना त्यांनी पूर्वी पत्र घातलं होतं. उत्तर आलं, अगदी सभ्य: आम्ही त्या बोलीत जन्मलेल्यांचीच साक्ष धरतो. वाचून मी टेबलावर हात आपटला. अहो, त्या बाई अकरा वर्षं बोलल्या कुणाशी? जालन्याच्या पोरांशी! त्यांच्या गावचं कोण होतं तिथे ऐकायला? त्यांचं बोलणं कुणाच्या कानात राहिलं असेल तर ते ह्यांच्याच. आणि ह्यांची साक्ष चालत नाही म्हणे!

तेव्हा मीच शोधून काढलं की दुसऱ्या एका गावच्या विद्यापीठात बोलीभाषांवर परिषद आहे, टागुंग, आणि कुणीही निबंध पाठवू शकतं. काकांना तयार केलं. चार रविवार ते सांगत होते, मी कॉम्प्युटरवर उतरवत होते. निबंध उत्तम झाला. मी शास्त्राची विद्यार्थिनी, मला कळतं. शेवटी काका म्हणाले, "आता वर नाव टाक. मिसबाईंचं."

मला वाटलं, अर्पण करायचाय. म्हटलं, "पहिल्या पानावर घालू, 'मिसबाईंच्या स्मृतीस'."

"स्मृतीस नाही. लेखक. वर त्यांचं नाव आन् खाली बारीक अक्षरात, लेखनिक म्हनून माझं."

"अहो काका, इथे असं नाही चालत! लेखक म्हणजे ज्यानं लिहिलं तो."

"लिवलं तर तू. मंग तुझं टाक."

"काका!"

"भिंग मी घासलं, कबूल. काच कोनाची? त्यांनी दिलेलं त्यांच्याच नावावर ठेवायचं. शिकवलेल्या मानसानं वरती आपलं नाव लावायचं, ही कुठली रीत?"

आपल्याकडे जुन्या माणसांत हे होतं, मला समजत होतं. पण जर्मनीतल्या विद्यापीठात कोण समजून घेणार होतं? कोण ह्या बाई, कुठे असतात, पत्ता काय? मी खूप वाद घातला. काका हलले नाहीत. शेवटी मी वर मिसबाईंचं नाव घालून कागद छापला, त्यांना दाखवला, त्यांनी तिन्ही चष्मे लावून बघून घेतलं. मग माझ्या खोलीत जाऊन मी ते नाव काढलं, तिथे काकांचं घातलं आणि ईमेल पाठवून दिलं. मला वाटलं, मी शहाणपणा केला.

दोन महिन्यांनी उत्तर आलं. निबंध स्वीकारला, वाचायला वीस मिनिटं. मी ओरडतच स्वयंपाकघरात गेले. काकांनी हात पुसले. "मिसबाईंचा घेतला?"

"हो," मी म्हटलं. खोटं बोलले. सरळ सरळ खोटं.

त्यानंतरचे दिवस काय वर्णन करू! काका जिना झाडताना निबंध पाठ म्हणायचे. लग्नातला कोट काढला, तो अंगाला सैल झाला होता, तो शिंप्याकडे नेला. मिसबाईंचा एकच फोटो होता त्यांच्याकडे, शाळेच्या पायरीवरचा. तो फ्रेममध्ये घातला आणि टॉवेलात गुंडाळून पिशवीत घेतला. "त्यांचं नाव पुकारतील तेव्हा टेबलावर ठेवीन," म्हणाले. गाडीत दोन तास मी त्यांच्या समोर बसले होते. तेव्हा तरी मी सांगायला हवं होतं. नाही सांगितलं. वाटलं, एकदा व्यासपीठावर चढले की काय करतात.

तिथे पोचल्यावर नावाचा बिल्ला मिळाला, तो त्यांनी कोटाला लावला. मग सभागृहात बसून त्यांनी कार्यक्रमाची पुस्तिका उघडली. नाकावरचा चष्मा बदलला. पुन्हा बदलला. माझ्याकडे वळून हळूच म्हणाले, "बाई कुठंयत?"

मी सगळं सांगून टाकलं. काका रागावले नाहीत. उठले, पुस्तिका घेतली आणि सरळ त्या प्रोफेसरकडे गेले. मी मागे धावले. काका त्याला जर्मनमध्ये म्हणाले, "इथे चूक झालीये. लेखिका ह्या. मी फक्त लेखनिक." आणि पिशवीतून फोटो काढून दाखवला.

प्रोफेसरनं फोटो हातात घेतला नाही. "ह्या कुठे असतात?"

"जालन्याला पुरलंय त्यांना. चाळीस वर्षं झाली."

"त्यांनी लिहिलेलं काही आहे? ध्वनिमुद्रण?"

"नाही. मला पाठ आहे."

प्रोफेसरनं घड्याळ बघितलं. तसा सभ्य होता हो, आवाज चढवला नाही की काही नाही, आणि तेच मला जास्त झोंबतं. म्हणाला, निबंध तुमचा असेल तर वाचा, पुस्तिकेत तसंच आहे. तुमचा नसेल, तर मृत व्यक्तीच्या नावानं लिहिलेला निबंध मी वाचू देऊ शकत नाही. ह्याला आमच्याकडे बनावट म्हणतात. "तेव्हा सांगा, निबंध तुमचा आहे ना?"

मी काकांचा कोट ओढला. मराठीत म्हटलं, "काका, हो म्हणा. पाया पडते तुमच्या. नुसतं हो म्हणा, मग वर जाऊन बाईंचं नाव शंभर वेळा घ्या!"

काका म्हणाले, "नाही. माझा नाही."

संपलं. कार्यक्रमात पेननं एक रेघ मारली गेली आणि कुणीतरी जाहीर केलं की मधली सुट्टी वीस मिनिटांनी वाढवली आहे. दारं उघडली, थर्मास आले, सगळे आनंदात कॉफी ओतायला लागले. काळी, दुधाची, साखरेची, हसतखेळत! मी त्या प्रोफेसरला व्हरांड्यात गाठलं आणि जर्मन, इंग्रजी, मराठी, जे तोंडात आलं त्यात सुनावलं. बनावट? ज्या माणसानं तीस वर्षं स्वतःची कार्डं स्वतः फाडली, तो बनावट? तो म्हणाला, कृपया आवाज कमी करा, आत लोक आहेत. मी म्हटलं, लोकांनाच ऐकू जावं म्हणून ओरडतेय! तोवर काका फोटो गुंडाळून, बिल्ला काढून टेबलावर ठेवून, स्टेशनाकडे चालायला लागले होते.

गाडीत मी काकांवरच तुटून पडले. का नाही पडणार? "वीस मिनिटं हातात होती! तीस वर्षं ज्यासाठी घालवली, ते एका 'हो'साठी सोडलंत! नाव मागाहून दुरुस्त करता आलं असतं. हा कसला हट्ट काका? कुणाचं भलं झालं ह्यात?"

काका खिडकीबाहेर बघत होते. तसेच बघत म्हणाले, "त्यानं मला बोलू दिलं नाही, एवढंच. त्याला कुठं ठाऊक होत्या बाई. तुला ठाऊक होत्या. तू पुसून टाकलं त्यांना, पोरी."

'माय' म्हणाले असते तर बरं वाटलं असतं मला.

मी रडले. मग म्हटलं, तुमच्यासाठीच केलं. "ते कळतं मला," काका म्हणाले आणि टॉवेलाची गाठ नीट केली. त्यानंतर हा विषय त्यांनी कधी काढला नाही. भाकरी करत राहिले, जिना झाडत राहिले. नवीन कार्ड मात्र लिहिलं नाही.

पुढच्या हिवाळ्यात काका गेले. तीन दिवस दवाखान्यात होते, मुलगी आली होती. ती माझ्याशी जर्मनमध्ये बोलत होती आणि त्यांना मात्र मराठीत 'बाबा, बाबा' म्हणत होती. सगळं आवरून होईपर्यंत मी तिथेच राहत होते. एक दिवस काकांच्या नावानं जाड पाकीट आलं. परिषदेचे निबंध छापले होते. मी उघडून बघितलं. त्या प्रोफेसरचा स्वतःचा लेख होता, जुन्या सहाय्यक क्रियापदांवर. त्यात एक वाक्य: 'मॉन'चा भविष्यकाळी अर्थ काही वक्त्यांच्या तोंडी विसाव्या शतकातही टिकला असावा. खाली बारीक टीप: 'एका भारतीयाकडून मिळालेली तोंडी माहिती.'

एका भारतीयाकडून! आता साक्ष चालली! निबंध बनावट, आणि त्यातला अर्थ तेवढा खरा! आठव्या मजल्यावर एकटी उभी राहून मी अशा शिव्या घातल्या की माझ्या आईनं ऐकल्या असत्या तर घरात घेतलं नसतं. मग बसून चार पानी पत्र लिहिलं, त्यात निबंधाची प्रत जोडली आणि त्या प्रोफेसरला पाठवलं.

महिन्याभरानं उत्तर आलं. सभ्य, अर्थातच. टिपेत नाव द्यायला हवं होतं हे मान्य. पुढच्या खंडात एका ओळीची दुरुस्ती छापता येईल. माहिती मूळ कुणाची, ते एक नाव कृपया कळवावं.

एकच नाव.

मी काकांचं नाव टाइप केलं. पूर्ण, वडिलांच्या नावासकट. पाणक्याच्या पोराचं नाव, जर्मनीतल्या विद्यापीठाच्या ग्रंथात! ते होणार होतं, माझ्या हातात होतं, अडवायला काका नव्हते. संध्याकाळपर्यंत मी त्या नावासमोर बसून होते. कसला माणूस हा, मी स्वतःशीच बडबडत होते, मेल्यावरसुद्धा स्वतःचं भलं करू देत नाही. मग एकेक अक्षर खोडलं आणि मिसबाईंचं नाव लिहिलं.

दुरुस्ती छापून आली. माझ्याकडे आहे ती. बाईंचं नाव, पुढे स्वल्पविराम, पुढे जालना. काका त्यात कुठेही नाहीत.